ज्याच्या नावाची बंदूक

अमिरुन्निसा: नळ चालू आहे तोवर बोलून घ्या. सुबोध आंघोळ करून बाहेर आला की मग मला तुमच्याशी काही बोलता यायचं नाही.

हुसेनमियाँ: हळू. मधली भिंत प्लायवूडची आहे.

अमिरुन्निसा: आठ दिवस हळूच बोलताय. नूरुद्दीनभाईंचा फोन आला की गच्चीवर जाता. मला वाटायचं खाली रेंज येत नसेल.

हुसेनमियाँ: सकाळचं तू ऐकायला नको होतंस.

अमिरुन्निसा: ऐकलं. तुमचा सख्खा भाऊ गावाहून रडत होता. माझा अरीब जेवत नाही, झोपेत ‘जगूदादा, जगूदादा’ ओरडतो, म्हणत होता. सुबोधच्या भावाला गोळी अरीबच्या हातून लागली ना? हो की नाही, एवढंच सांगा.

हुसेनमियाँ: हो.

अमिरुन्निसा: या अल्ला.

हुसेनमियाँ: मुद्दाम नाही गं. पहाटेची वेळ, भात पोटरीला आलेलं, डुकरं रोज उतरत होती. अरीब बांधावर बंदूक घेऊन बसला आणि जगदीश खालून डबा वाजवत डुकरं हाकत येत होता. मध्येच तो विडी पेटवायला थांबला. डबा वाजायचा बंद झाला, झुडूप हललं. अरीबला वाटलं डुक्कर.

अमिरुन्निसा: आणि जगदीशने बंदूक चोरून नेली, पाय घसरून त्याच्याच हातून उडाली, ही गोष्ट कुणी काढली? नूरुद्दीनभाईंना एवढं सुचत नाही. ते मीठ आणायला जातात आणि साखर घेऊन येतात.

हुसेनमियाँ: मी.

अमिरुन्निसा: तुम्ही.

हुसेनमियाँ: फोन आला तेव्हा मी इथे रियाधमध्ये, सुलैच्या गोदामात होतो. कंटेनर खाली होत होता, फोर्कलिफ्टचं टी-टी-टी चाललेलं. नूरुद्दीन नुसता ‘काय करू, काय करू’ करत होता. पोलीस पाटील दारात उभा. मी म्हटलं, सांग की तो न विचारता घेऊन गेला. खुंटीवरची चावी काढली, कपाट उघडलं आणि गेला. फोन ठेवला आणि पुढचा कंटेनर मोजून घेतला.

अमिरुन्निसा: मेलेल्या माणसाला चोर केलंत तुम्ही.

हुसेनमियाँ: मला वाटलं, मेलेल्याचं काय जाणार आहे? अरीब वीस वर्षांचा, त्याचा इकडचा व्हिसा लागलेला. आणि परवाना माझ्या नावाचा. परवानेवाला परदेशात असला की बंदूक ठाण्यात जमा करायची असते. निवडणुकीत जमा होतीच की. मीच मागच्या सुट्टीत गेलो आणि सोडवून आणली. चावी पोराच्या हातात दिली.

अमिरुन्निसा: हां. आता आलात खऱ्यावर. भीती अरीबची अर्धी आणि स्वतःची पुरी.

हुसेनमियाँ: झाकली मूठ सव्वा लाखाची, अमिरुन. संध्याकाळच्या विमानाने सुबोध जाईल. जाऊ दे त्याला नीट.

अमिरुन्निसा: अरीबची अम्मी गेली तेव्हा तीन वर्षं ह्या हातांनी त्याला भरवलंय मी. माझं काळीज तुटत नाही का? पण तो पोरगा झोपेत तरी खरं ओरडतोय. तुम्ही आज जुम्म्याला जाऊन आलात, काय मागितलंत तिथे उभं राहून?

हुसेनमियाँ: काही नाही. सूरह विसरलो. मागच्या माणसाने खोकून आठवण दिली तेव्हा सजद्यात गेलो. मला माझीच लाज वाटते, आता तू आणखी नको लाजवूस.

अमिरुन्निसा: नळ बंद झाला.

सुबोध: चाची, टॉवेल कुठे घालू? सुतकाचा आहे. तुमच्या कपड्यांत नको.

अमिरुन्निसा: घाल तिथेच दोरीवर. आमच्या कपड्यांना काय होतंय. ये, बस. वरणभात केलाय आणि दुधी. मासळी आज घरात आणलीच नाही.

सुबोध: तुमच्या सगळं लक्षात असतं.

हुसेनमियाँ: डोकं कुठे केलंस रे?

सुबोध: कॅम्पातच. रास अल खैरला आमच्याकडे एकच न्हावी, बांगलादेशी. केस खाली पडले तसं हसून विचारलंन, मक्के से उमरा करके आया क्या? मी म्हटलं, नाही भाई, बडा भाई गुजर गया. मग पैसेच घेईना.

अमिरुन्निसा: आणि आठ दिवस लागले तुला सुट्टी मिळायला?

सुबोध: प्लांटचं शटडाऊन चालू आहे ना. सुपरवायझर म्हणे, बाप गेला असता तर लगेच सोडला असता, भावासाठी आठवडा थांब. बॉयलरच्या खाली पाना घेऊन बसलो होतो आणि तिकडे दादाला नेला. व्हिडिओवर दाखवला. नेटवर्क असं की चिता दिसली, मग अडकलं, मग एकदम माणसं परत येताना दिसली.

अमिरुन्निसा: जेव बाळा. दोन घास तरी.

सुबोध: जेवतो. त्याच्या आधी एक बोलायचं आहे, नाहीतर घास उतरायचा नाही. चाचा, तुम्ही मला इकडे आणलंत. एअरपोर्टवर उभे होतात, पहिलं जेवण ह्याच चटईवर. रमजानात रोजा असूनही चाची माझ्यासाठी दुपारचा डबा करायच्या. आणि माझ्या भावाने तुमच्या घरातून चोरी केली.

हुसेनमियाँ: सुबोध...

सुबोध: बोलू द्या. तुमच्या अब्बांच्या वेळेपासून डुक्कर तुमच्या बंदुकीने पडायचं. तुम्ही बोट लावायचा नाहीत, सगळं मटण आमच्या वाडीत. आमचा पहिला चिबूड तुमच्या पडवीत, मग देवाला. कधी कुणी दाराला कडी घातली नाही. त्या दारातून चावी काढून न्यायची? मागितली असती तर नूरुद्दीनचाचांनी नाही म्हटलं असतं का? मी त्याच्या वतीने माफी मागतो. वाकून नमस्कार करता येत नाही, सुतक आहे. तो माझा राहिला.

हुसेनमियाँ: नको. असं करू नकोस.

सुबोध: तुमचीही मान खाली गेली ना गावात. हुसेनमियाँची बंदूक म्हणून नाव निघतंय पेपरात.

हुसेनमियाँ: माझ्या मानेचं काय घेऊन बसलास. आई कशी आहे?

सुबोध: माजघरातून बाहेर आली नाही अजून. पहिल्या दिवशी बायका रडायला आल्या, तिसऱ्या दिवसापासून कुणी नाही. विहिरीवर शेजारीण म्हणाली म्हणे, मेला तो मेला, आमच्या बंदुका घेऊन मेला. तेव्हापासून आई पाण्यालासुद्धा जात नाही. शिवांगीवहिनी आणते.

अमिरुन्निसा: बंदुका घेऊन म्हणजे?

सुबोध: कलेक्टर ऑफिसातून पत्र आलंय, चाची. पंचक्रोशीतले बावीस परवाने तपासायचे. ज्याची बंदूक नीट कुलपात नाही त्याचा परवाना रद्द. पीक उभं, डुकरं शेतात, आणि बंदुका ठाण्यात. परवा रविवारी ग्रामसभा आहे. अर्धे म्हणतात, सगळ्या जमा करा, आज जगदीश गेला, उद्या शाळेतलं पोर जाईल. अर्धे म्हणतात, मग डुकरं काय गोफणीने मारायची? आणि शिव्या दोघांच्याही दादालाच.

हुसेनमियाँ: दोन वर्षांपूर्वी असंच पत्र आलं होतं. तेव्हा गावाचा अर्ज मीच लिहून पाठवला होता.

सुबोध: माहीत आहे. तोच अर्ज आता पुन्हा फिरतोय मोबाईलवर. ‘आमच्या गावात शंभर वर्षांत बंदुकीने एकही माणूस दगावलेला नाही.’ तुमचं वाक्य.

हुसेनमियाँ: माझंच.

सुबोध: तालुक्याचे दोन पुढारी येऊन गेले. एक म्हणतो, मोहल्ल्यातल्याच बंदुका काढा, बाकीच्या राहू द्या. दुसरा म्हणतो, कुणाचीच काढायची नाही. डुकरांना मत नाही, शेतकऱ्याला आहे. दोघांनी बांधावर उभं राहून फोटो काढले. आईसमोर येऊन कुणी बसला नाही.

अमिरुन्निसा: आणि शिवांगी?

सुबोध: तिचं विचारू नका. तिचं तिसरंच काहीतरी. तिला मी फोनवर फार बोललो.

अमिरुन्निसा: काय बोललास?

सुबोध: ती धरून बसली की दादाने बंदूक नेलीच नसणार. म्हणाली, तो पहाटे माझ्या हातून तेलाचा रिकामा डबा घेऊन गेला, वाजवायला. चोरी करायला जाणारा माणूस डबा कशाला नेईल? आणि म्हणाली, त्याला बंदुकीची भीती वाटायची. ते खरं आहे, बार उडायच्या आधी दादा कानात बोटं घालायचा. पण मी म्हटलं, वहिनी, गप्प बस. हुसेनचाचांच्या घरून निरोप आलाय, ते घर खोटं बोलत नाही. तू आता दुसऱ्याच्या पोरावर ढकलू नकोस. आपली अब्रू गेली तेवढी पुरे.

अमिरुन्निसा: मग?

सुबोध: मग काय, गप्प बसली. तेव्हापासून माझ्याशी बोललेली नाही. वरण छान झालंय, चाची.

हुसेनमियाँ: अमिरुन, जरा पाणी दे मला.

अमिरुन्निसा: समोरच आहे. घ्या हाताने.

सुबोध: चाचा, एक काम आहे तुमच्याकडे. मी पोचलो की पोलीस माझा जबाब घेणार, आमची तक्रार नाही म्हणून. आणि रविवारी ग्रामसभेत मी उभा राहणार आहे. सरळ सांगणार, चूक माझ्या भावाची, बाकीच्यांचे परवाने घालवू नका. म्हणजे निदान आईला विहिरीवर जाता येईल. मला बोलायला जमणार नाही, मी वाचून दाखवीन. तुम्ही लिहून द्या.

हुसेनमियाँ: मी?

सुबोध: गावातले सगळे अर्ज तुम्हीच लिहीत आलात. माझं अक्षर पोलिसांना लागत नाही आणि शब्दही सापडत नाहीत. वही आणलीय मी. हे पेन.

हुसेनमियाँ: आज हात दुखतोय रे. गोदामात पेटी लागली.

अमिरुन्निसा: कुठला हात?

हुसेनमियाँ: अमिरुन.

अमिरुन्निसा: विचारलं, कुठला? शेक देते.

सुबोध: दोनच ओळी, चाचा. मी सांगतो, तुम्ही नीट करा. ‘मी, सुबोध, मयत जगदीश याचा धाकटा भाऊ, लिहून देतो की...’

हुसेनमियाँ: ‘...लिहून देतो की.’ पुढे?

सुबोध: ‘माझ्या भावाने श्री. हुसेनमियाँ यांच्या घरातून त्यांची परवान्याची बंदूक...’

हुसेनमियाँ: ‘...त्यांची परवान्याची बंदूक.’

सुबोध: ‘...घरात कुणालाही न विचारता...’

(पेन थांबते.)

सुबोध: ‘विनापरवानगी’ लिहायचं का त्या जागी? सरकारी वाटेल.

हुसेनमियाँ: हे शब्द माझेच आहेत. न विचारता. आठ दिवसांपूर्वी मीच नूरुद्दीनला फोनवर सांगितले.

सुबोध: हो ना, मग तेच राहू द्या.

हुसेनमियाँ: तुला कळलं नाही, सुबोध. नूरुद्दीनने मला सांगितलं नाही. मी नूरुद्दीनला सांगितलं, असं सांग म्हणून. जगदीशने बंदूक घेतली नव्हती. बंदूक अरीबच्या हातात होती. शिवांगी म्हणते तसंच. तो डबाच वाजवत होता.

सुबोध: काय म्हणताय तुम्ही, चाचा?

हुसेनमियाँ: डबा थांबला. अरीबला डुक्कर वाटलं. त्याने चाप ओढला. मग माझा फोन वाजला, आणि मी अरीबला वाचवायला तुझ्या भावाला चोर ठरवलं. अर्धं मिनिटसुद्धा लागलं नाही मला.

सुबोध: चाची?

अमिरुन्निसा: खरं आहे, बाळा. मला आज सकाळी कळलं. आणि कळल्यावरही मी तुला वरणभात वाढला, तोंड उघडलं नाही. त्याचा दोष माझा.

सुबोध: म्हणजे मी आत्ता... ह्या चटईवर बसून तुमची माफी मागितली. तुम्ही मागू दिलीत.

हुसेनमियाँ: मागू दिली.

सुबोध: आणि लिहीत होतात. दीड ओळ लिहिलीत.

हुसेनमियाँ: लिहिली. पुढचीही लिहिली असती कदाचित. मी काही चांगला माणूस नाही, सुबोध, मला आज कळतंय.

सुबोध: अरीबला चावी कुणी दिली?

हुसेनमियाँ: मी. मागच्या सुट्टीत. म्हटलं, काका नाही तर पुतण्या. घराण्याची बंदूक आहे, ठाण्यात गंजायला कशाला ठेवायची?

सुबोध: आमच्या प्लांटमध्ये मशीनवर काम निघालं की ते बंद करून कुलूप घालतात, आणि ज्याच्या नावाचं कुलूप, त्याच्याच खिशात चावी. दुसऱ्याला दिली तर त्याच दिवशी घरी पाठवतात. तीन वर्षांपूर्वी एका फिलिपिनोला पाठवलं. काही झालंही नव्हतं, नुसती चावी दिली होती. आणि तुम्ही तिथे बंदुकीची दिलीत, आणि इथे बसून शंभर वर्षांचा दाखला लिहिलात.

हुसेनमियाँ: तू मला काय हवं ते बोल.

सुबोध: काय बोलू? मी वहिनीला गप्प बस म्हटलं. नवरा जाऊन दोन दिवस झालेल्या बाईला. तुमच्या शब्दावर. आता तिला तोंड कसं दाखवू? तुमच्यासाठी बोलायला माझ्याकडे शब्दच नाहीत, सगळे तिच्यावर संपवले.

अमिरुन्निसा: त्याला कागद द्या. खरा लिहून द्या, आत्ता, नावानिशी, परवान्याच्या नंबरासकट. हात दुखत नाहीये तुमचा.

हुसेनमियाँ: देतो. ‘मी, हुसेनमियाँ, परवानाधारक...’

सुबोध: नको. मी कागद नेणार नाही.

हुसेनमियाँ: का रे?

सुबोध: मी असा कागद घेऊन उतरलो तर काय होईल ठाऊक आहे? एक पुढारी म्हणेल, सुबोधने म्हाताऱ्या मुसलमानाला परदेशात एकटा गाठून लिहून घेतलं. दुसरा कागद नाचवत मोहल्ल्यात शिरेल. अरीबला पोलिसांच्या आधी भलतेच लोक न्यायला येतील. मला दादाचं नाव धुवायचं आहे, कुणाचं घर जाळायचं नाही. कागद तुमचा, तुम्हीच आणा. रविवारी ग्रामसभेत तुम्ही उभे राहा आणि तुम्ही वाचा.

हुसेनमियाँ: मी आलो तर मला सोडणार नाहीत. गुन्हा लागेल. परत इकडे येणं खलास. सत्तावीस वर्षांची नोकरी आहे.

सुबोध: लागेल.

हुसेनमियाँ: आणि अरीब तर...

सुबोध: अरीबला मी खांद्यावर घेऊन जत्रा दाखवलीय, चाचा. त्याने चुकून मारलं, मला ते कळतं. उद्या त्याच्याशी बोलेन मी, आज नाही जमत, पण बोलेन. तुमचं मला कळत नाही. तुम्ही चुकून नाही बोललात.

अमिरुन्निसा: तुमच्या मालकाला, कफीलला फोन करा. जाऊन परत यायची एक्झिट रीएन्ट्री तो मोबाईलवरून दहा मिनिटांत काढतो, मागच्या वेळी काढली होती. उद्या रात्रीच्या विमानाने निघालात तर रविवारी सकाळी मुंबई, तिथून गाडी. ग्रामसभा चारला असते. पोचाल.

हुसेनमियाँ: तू?

अमिरुन्निसा: मीही येते. अरीबला ठाण्यात न्यायला कुणीतरी त्याच्या आईच्या जागी हवं. तो एकटा जाईल का?

हुसेनमियाँ: येतो, सुबोध. रविवारी येतो. अल्लाची शपथ घालू का?

सुबोध: शपथ नको. तुमच्या शब्दावर आता माझा विश्वास नाही, शपथेवर कुठून बसेल? माफ करा, तोंडातून गेलं.

हुसेनमियाँ: बरोबर गेलं.

सुबोध: रविवार अजून दोन दिवस लांब आहे. तोवर आई त्या माजघरात. आज तेरा दिवसांतला आठवा, आणि आमच्या दारात एक माणूस नाही. मी फोन लावतो. तुम्ही आत्ता बोला.

हुसेनमियाँ: फोनवर? म्हातारी माणूस, एकदम सांगितलं तर...

अमिरुन्निसा: फोनवरच बिघडवलंत ना?

सुबोध: लागला. वहिनी, मी सुबोध... रियाधला, चाचांकडे... जेवलो. वहिनी, तू बरोबर होतीस... हो, डब्याचं. सगळंच. मला पायातली चप्पल काढून मार, पोचल्यावर... रडू नकोस आता, आईला दे. हुसेनचाचांना बोलायचं आहे... हो, मीच बोलायला सांगितलं. धरा, चाचा.

हुसेनमियाँ: वहिनी, सलाम. मी हुसेन बोलतोय... नाही, नाही, तुम्ही नका मागू माफी. वहिनी, तुम्ही हात जोडू नका, माझं ऐका... जगदीशने काही घेतलं नाही. सांगतो, सगळं सांगतो, पण आत बसून ऐकू नका. तुम्ही कुठे आहात, माजघरात?... बाहेर ओटीवर या. शिवांगीला म्हणावं फोनचा आवाज मोठा कर... आलात?... आजूबाजूला कोण कोण दिसतंय?... विहिरीवर आहेत? किती?... नको, परत आत जाऊ नका वहिनी, त्यांना हाक मारा. सगळ्यांनाच बोलवा. मी थांबतो.